घोड्याच्या घशात बाटली ओतू नका

घोडा पुढच्या पायाने जमीन उकरतोय, सारखा वळून कुशीकडे बघतोय, बसतोय, उठतोय, लोळतोय, लीद टाकत नाही. हा पोटशूळ. अशा वेळी चार जाणते जमतात आणि कुणीतरी तेलाची, नाहीतर ओव्याच्या काढ्याची बाटली आणतोच. ती परत पाठवा. मान वर ओढून पाजलं, की काढा फुप्फुसात उतरू शकतो. मग पोटदुखीतून वाचलेला घोडा न्यूमोनियाने जातो. शिवाय घोड्याला ओकता येत नाही. जठर जेमतेम 8 ते 15 लिटरचं. आत वायू आणि पाणी तुंबलेलं असताना वरून भर घातली, तर ते फुटूही शकतं. आम्ही डॉक्टर नाकातून नळी घालतो, ती आधी आतलं बाहेर काढायला.

तुम्ही डॉक्टरला फोन करा आणि गव्हाणीतला चारा काढून घ्या. खालच्या जबड्याच्या कडेला बोट लावून नाडी मोजा. शांत उभ्या घोड्याची मिनिटाला 28 ते 44 असते. 60च्या वर गेली तर तसं लगेच कळवा. हळूहळू फिरवलंत तर चालेल, पळवून दमवू नका. घरात उरलेलं दुखण्याचं इंजेक्शनही नको. दुखणं झाकलं जातं, आतड्याचा पीळ तसाच राहतो.

लग्नसराईत हे जास्त दिसतं. वरातीचा घोडा रात्री उशिरापर्यंत बँडपुढे उपाशी, तहानलेला उभा. घरी आला की मालक मायेने घमेलंभर हरभरा पुढे ठेवतो. आधी पाणी द्या, मग वैरण. दाणा शेवटी, तोही मूठ आवरून. सारंगखेड्याच्या यात्रेतून नवा घोडा आणलात, तर त्याचा जुना खुराक विचारून घ्या आणि आठ-दहा दिवसांत हळूहळू बदला. कोंबड्यांचं खाद्य मात्र कधीच नको. त्यात मोनेन्सिन हे औषध असलं, तर थोडंसंही घोड्याच्या हृदयाला मारक ठरतं.

खेड्यातल्या दवाखान्यात गायी-म्हशी, शेळ्या रोज येतात, घोडा क्वचित. घोड्यावर हात बसलेला डॉक्टर जवळपास कोण, ते आजच विचारून ठेवा; फिरत्या पशुवैद्यकीय पथकासाठी 1962 हा नंबर आहेच. फोनवर सांगा: शेवटची लीद कधी टाकली, काय खाल्लं, आणि काही पाजलं असेल तर तेही. डॉक्टर रागावतील म्हणून नेमकं हेच लपवलं जातं. रागावतो, खरं आहे. तरी सांगा.