पान्हा आणि कॅमेरा

तुमच्या फोनमध्ये बाळाचे फोटो शेकड्याने असतील. बारसं, पहिला दात, उष्टावण. त्यात बाळ अंगावर पितानाचा एक तरी आहे का? बहुतेक नसेल. त्या वेळी आपण ओढणी ओढून घेतो, दार लोटतो आणि फोन बाहेर राहतो.

प्रयोगशील लघुपट करणाऱ्यांनी कॅमेरा या बंद दारांआड नेला. अमेरिकेत स्टॅन ब्रॅकेज यांनी स्वतःच्या मुलीचा घरी झालेला जन्म चित्रित केला. ‘विंडो वॉटर बेबी मूव्हिंग’ (१९५९) हा तो मूकपट, जेमतेम बारा-तेरा मिनिटांचा. नजर अर्थात बापाची. पण मध्येच त्यांची पत्नी जेन कॅमेरा हाती घेते आणि नवऱ्याचा हरखलेला चेहरा टिपते. मला तरी तेवढाच तुकडा जास्त आवडतो!

पंचवीस वर्षांनी ब्रिटनमध्ये कॅथरीन एल्वेस यांनी ‘देअर इज अ मिथ’ (१९८४) ही व्हिडिओकृती केली. इथे कॅमेरा आईचा. पडदाभर फक्त स्तन आणि त्यावर थापट्या मारणारा बाळाचा हात. मग दूध येतं. गोष्ट अशी नाहीच. तरी जाहिरातींत सतत दिसणारा स्तन इथे अचानक वेगळा दिसतो, कारण समोर त्याचा खरा हक्कदार आहे.

त्या हाताकडे नीट बघा. बाळाचं चोखणं, स्पर्श, कधी नुसतं रडणंसुद्धा आईच्या मेंदूला खूण करतं. ऑक्सिटोसिन हे संप्रेरक स्रवतं आणि साठलेलं दूध पुढे सरकतं. आपल्याकडे याला ‘पान्हा फुटणं’ म्हणतात. ताण, वेदना, लाज यांनी तो अडखळतो. म्हणून ‘हिला दूधच नाही’ असं बाळंतिणीच्या तोंडावर बोलणाऱ्या मावश्या-आत्यांना आधी खोलीबाहेर काढा. बाळाचं वजन वाढत नसेल, लघवी कमी होत असेल, तर मात्र डॉक्टरांना लगेच दाखवा.

आणि चित्रण करावंसं वाटलं, तर आधी तिला विचारा. फोन तिच्याच हाती दिलात तर उत्तम. ती बसल्या जागेवरून बाळाची मूठ, कपाळ, मिटत आलेले डोळे तिला जसे दिसतात, तसे दुसऱ्या कुणालाच दिसत नाहीत. घरच्या ग्रुपवर टाकायचं की नाही, हेही तीच ठरवेल.