बी घ्या, बोंडू फेका : हा कुठला न्याय?



काजू हे बारमाही हिरवे झाड. पोर्तुगीजांनी ते सोळाव्या शतकात ब्राझीलहून आणले. आंबा, बिब्बा, चारोळी ही त्याची भावंडे. चौघांचे कूळ एक. बिब्बा अंगावर उततो, आंब्याचा चीक ओठ भाजतो आणि काजूच्या टरफलातले तेल बी सोलणाऱ्या बायांचे हात जाळते. कुळाचा गुणच तो.

सरकारदरबारी मात्र या भावंडांत पंक्तिप्रपंच आहे. हापूसला २०१८ साली भौगोलिक मानांकन मिळाले, त्याचा रसही डबाबंद होऊन परदेशी जातो. काजूची मात्र फक्त बी मोजायची. किलोभर बीमागे पाच किलोंहून जास्त बोंडू झाडावरून उतरतो. संत्र्यापेक्षा जास्त क जीवनसत्त्व असलेले हे फळ आम्ही बागेत कुजवतो.

१९९० साली रोजगार हमीतून फळबाग योजना आली. वरकस जमिनीत, कातळ फोडून आम्ही काजू लावला. मोहोरावर ढेकण्या पडला, अवकाळी पाऊस पडला, तरी झाडे राखली. लावायला अनुदान देणाऱ्या सरकारने बोंडवाचे काय करायचे, हे मात्र कधी सांगितले नाही.

तेरेखोल नदी ओलांडा. पलीकडे तोच बोंडू तुडवतात, रस आंबवतात, पहिल्या धारेचा हुर्राक आणि पुन्हा गाळून फेणी काढतात. गोव्याच्या फेणीला २००९ साली मानांकन मिळाले. अलीकडे १९४९ चा दारूबंदी कायदा आहे. परवाना गोव्यातही लागतोच. पण तिथला परवाना गावच्या भट्टीच्या मापाचा, आमच्याकडचा कारखानदाराच्या मापाचा. म्हणून आमचा बोंडू टेंपोत बसून गोव्याला जातो आणि फेणी होऊन दामदुपटीने विकला जातो.

मायबहिणी म्हणतील, दारूने घरे बुडतात. खरे आहे, ते दुःख आम्ही घरात पाहिले आहे. पण सरकारने तरी ते तोंडी आणू नये. धान्यापासून मद्य काढणाऱ्या कारखान्यांना याच राज्याने २००७ साली अनुदानाची योजना आणली. साहेबांची दारू उद्योग आणि आमची तेवढी गुन्हा?

दारू नको, तर सरबत करू, सिरप करू. पण बोंडू दुसऱ्या दिवशी नासतो. रस काढायची सोय गावातच हवी. ती उभारायला आम्ही तयार आहोत. दाराशी दहा खात्यांचे दहा निरीक्षक तेवढे उभे करू नका. आम्हाला भीक नको, आमच्या मालाचे काय करायचे ते ठरवण्याची मोकळीक हवी.

येत्या हंगामात प्रत्येकाने एक करावे. बोंडू किती टोपल्या फेकला, ते रोजच्या रोज वहीत लिहावे. ती वही घेऊन जिल्हा बैठकीला यावे. आमचे नुकसान सरकारने मोजले नाही. आता आम्हीच मोजू आणि त्यांच्या टेबलावर ठेवू.