पाटील म्हणजे मूळचे कोण?

लग्न जुळवायला बसलेल्या मंडळींत पोह्यांच्या बशा रिकाम्या झाल्या की एक प्रश्न हमखास येतो. "पाटील म्हणजे मूळचे कोण?" भाड्याने घर बघायला गेलेल्यालाही तो विचारतात, फक्त आवाज जरा जास्त गोड असतो. पाटलांच्या जागी देशमुख, इनामदार, कुणीही घाला. विचारणाऱ्याला जात हवी असते. तोंडावर तसं म्हणवत नाही, म्हणून 'मूळ' पुढे करायचं. जातीच्या या चौकशीबद्दल बोलावं तेवढं थोडं. पण तिच्यामागची समजूतही चुकीची आहे. वरचं आडनाव जरा खरवडलं की खाली वंशाइतकं जुनं, एकच एक खरं आडनाव सापडतं, अशी ती समजूत.

पेशव्यांचंच बघा. बाळाजी विश्वनाथ हे भट. घराण्याकडे श्रीवर्धनची देशमुखी. पुढे पेशवेपद आलं आणि इतिहासात उरले ते पेशवे. भट, देशमुख, पेशवे ही तिन्ही नावं एकाच उंबऱ्याआड नांदली. नाना फडणवीस भानू होते. शिवाजी महाराजांचे चिटणीस बाळाजी आवजी हे चित्रे, त्यांचे वंशज चिटणीस झाले. फारसीतल्या 'नवीस'चा, म्हणजे लिहिणाऱ्याचा, आपल्याकडे 'नीस' झाला आणि दफ्तरातल्या एकेका कामाची आडनावं पडली. फारसी पत्रव्यवहार बघणारा पारसनीस, खजिन्याचा हिशेब लिहिणारा पोतनीस. काम बापाकडून लेकाकडे आलं की कामाचं नाव घराला चिकटायचं. जोतीराव फुल्यांचे पूर्वज साताऱ्याकडच्या कटगुणचे. तिथे चौगुलकी होती, आडनाव गोऱ्हे. पुण्यात फुलांचा व्यवसाय सुरू झाला आणि गोऱ्ह्यांचे फुले झाले. आता यातलं मूळ कुठलं ते ज्याचं त्याने ठरवावं.

दुसरी तऱ्हा गावाची. 'कर' लावलेलं आडनाव गावाचं अभिमानचिन्ह समजलं जातं, पण ते बहुधा गाव सोडल्याची नोंद असते. सगळं गावच पेणचं असताना पेणमध्ये कुणाला पेणकर म्हणून कसं ओळखणार? तो माणूस दुसऱ्या गावात जाऊन राहिला की तिथले लोक त्याला पेणकर म्हणू लागतात. मल्हारराव होळकरांनी इंदूरचं राज्य उभं केलं, पण त्या राज्याला नाव मिळालं नीरेकाठच्या होळ या लहानशा गावाचं. कन्नड साहित्यात शंकर मोकाशी पुणेकर नावाचे नामवंत लेखक होऊन गेले. मोकाशी हे मोकासा या जुन्या महसुली हक्कावरून आलेलं आणि पुणेकर गावावरून. एका नावात मराठ्यांच्या कारभाराचा आणि स्थलांतराचा असा दुहेरी पुरावा, तोही कन्नड पुस्तकाच्या मुखपृष्ठावर!

आपल्या कोकणातल्या बेने इस्रायली ज्यूंनी तर जुन्या कुलाबा जिल्ह्याचा नकाशाच आडनावांत जपून ठेवला. रोहेकर, पेणकर, नागावकर, किहीमचे ते केहिमकर. घरची नावं बायबलमधली आणि आडनाव अलिबागच्या वाटेवरचं. यांतले बरेच जण पुढे इस्रायलला गेले आणि अनेकांनी तिकडेही 'कर' सोडला नाही.

काम आणि गाव या दोन्ही वाटा एकाच घरातून फुटलेल्या बघायच्या असतील तर गोव्यातल्या मंगेशीला जावं. तिथल्या देवळात अभिषेकाची सेवा असलेलं नवाथे घराणं. त्यातून पुढे आलेले दीनानाथ नाटकाच्या जगात गेले आणि गावावरून मंगेशकर झाले. त्याच घराण्यातले जितेंद्रबुवा सेवेवरून अभिषेकी राहिले. आडनावांवरून या दोघांचं नातं कुणाला कळेल? आणि आडनाव बदललं म्हणून गळा बदलला असंही कुणी म्हणत नाही.

मग हा बदलता प्रवाह थांबला कुठे? कागदावर. इंग्रजी अमदानीतली शाळा, कोर्ट, जमिनीची मोजणी यांना एका माणसाचं एकच नाव कायमचं हवं होतं. नोंदीच्या दिवशी कारकुनाने जे लिहिलं ते पुढच्या पिढ्यांना लागू झालं. ७ नोव्हेंबर १९०० रोजी साताऱ्याच्या सरकारी शाळेत एका मुलाचं नाव दाखल झालं. घराणं सकपाळांचं, गाव मंडणगड तालुक्यातलं आंबडवे, आणि दफ्तरात नोंद भिवा रामजी आंबेडकर. आज तो दिवस राज्यात विद्यार्थी दिवस म्हणून पाळतात. सकपाळ हे 'मूळ' सांगून बाबासाहेबांबद्दल आपल्याला नेमकं काय जास्त कळतं?

नोंदी गोठल्या, हुद्दे मात्र गेले. १९५० च्या कायद्याने कुलकर्णी वतन रद्द झालं, १९६२ च्या कायद्याने मुलकी पाटलाचं पद. गावात आज पोलीस पाटील असतो, पण तो वतनदार नसतो; आडनावाने कांबळे असू शकतो, बाईही असू शकते. इकडे खानदेशातल्या शाळेत हजेरी घेताना गुरुजींना वडिलांच्या नावापर्यंत जावं लागतं, कारण अर्धा वर्ग पाटलांचा. मराठा, कुणबी, लेवा, आगरी, कोळी, जैन, लिंगायत अशा सगळ्यांत पाटील आहेत. म्हणजे ज्या जातीसाठी चौकशी चालते, तीही या आडनावातून धड कळत नाही.

शिवाय हे 'मूळ' प्रेम फक्त पुरुषांपुरतं. वंशावळ सात पिढ्या मागे नेणाऱ्या घरात सून आली की ताटात तांदूळ पसरून अंगठीने तिचं नवं नाव लिहितात, आडनावाबरोबर पहिलं नावसुद्धा पुसतात. अमेरिकेतून १८८६ मध्ये डॉक्टर होऊन निघालेल्या आनंदीबाई जोशी माहेरच्या यमुना. तिथे मूळ काय, असं कुणी विचारत नाही.

१ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या सरकारी कागदपत्रांत मुलाचं नाव, मग आईचं, मग वडिलांचं आणि शेवटी आडनाव असा क्रम राज्य सरकारने ठरवला. आईचं नाव आलं हे चांगलंच झालं. पण शेवटचा रकाना तसाच राहिला. आईवडिलांची नावं लावून आडनाव वगळणारे पालक आता दिसू लागले आहेत. त्यांच्या मुलांचा ऑनलाइन अर्ज त्या रकान्यापाशी अडतो, आणि मग वडिलांचंच नाव पुन्हा एकदा टाकून वेळ मारून न्यावी लागते. एका कारकुनाने कधीकाळी भरलेल्या या रकान्यासाठी इतका हट्ट कशाला? ज्यांना आडनावाचा अभिमान आहे त्यांनी ते खुशाल लावावं. शासनाने मात्र शाळाप्रवेशापासून नोकरीपर्यंतच्या आपल्या सगळ्या अर्जांत ते ऐच्छिक करावं.