सख्खे, सावत्र आणि रजिस्टरातले भाऊ

स्पॅनिश भाषेत एक शब्द आहे, एर्मांदाद. लिहिताना सुरुवातीला 'ह' लिहितात, पण उच्चारत नाहीत. अर्थ बंधुभाव, भाऊपण. गेले काही दिवस मी या शब्दाच्या मागे लागलोय. त्याला कारण आहे आणि ते आपल्या इथलंच आहे. पण ते शेवटी सांगतो. पोस्ट मोठी आहे, सवडीने वाचा.

आधी शब्दाची जन्मकथा. लॅटिनमध्ये भावाला 'फ्रातेर' म्हणायचे. आपल्या 'भ्राता'चाच तो लांबचा नातेवाईक. सख्खा भाऊ असेल तर 'फ्रातेर गेर्मानुस'. यातला गेर्मानुस म्हणजे सख्खा. पुढे फ्रेंच आणि इटालियन लोकांनी 'फ्रातेर' ठेवला. स्पेन आणि पोर्तुगालवाल्यांनी उलटं केलं, भाऊ टाकला आणि सख्खा ठेवला. त्या 'गेर्मानुस'चा झाला 'एर्मानो', म्हणजे भाऊ, आणि त्यावरून एर्मांदाद. थोडक्यात, स्पॅनिश माणूस भावाला हाक मारतो तेव्हा मुळात 'ए सख्ख्या' असं म्हणत असतो.

ऐकायला गोड वाटतं. पण सख्खा म्हटलं की सावत्र आला, चुलत आला, परका आला. एकाला सख्खं म्हणताना दुसरं कुणीतरी बाहेर राहणार हे त्या शब्दातच आहे. पुढची सात-आठशे वर्षं या शब्दाचं स्पेनमध्ये काय काय झालं ते पाहिलं, तर प्रत्येक वेळी हीच गाठ लागते.

सगळ्यात आधी पोलीस. हो, पोलीस. मध्ययुगात कास्तील राज्यातल्या गावांनी दरोडेखोरांपासून वाचण्यासाठी एकत्र येऊन जे संघ काढले, त्यांना एर्मांदाद म्हणत. लोकांनी लोकांसाठी केलेली राखण. 1476 मध्ये राणी इसाबेलाने ही कल्पना उचलली आणि 'सांता एर्मांदाद', म्हणजे पवित्र बंधुसंघ, अशी राज्यभराची व्यवस्था उभी केली. खर्च गावांनी द्यायचा, हुकूम राणीचा. निर्जन वाटेवरचे गुन्हे यांच्या अखत्यारीत. शिक्षा काय, तर खांबाला बांधून बाणांनी मारणं. याच बंधुसंघाचा पैसा आणि माणसं पुढे ग्रानादाच्या मुस्लिम राज्याविरुद्धच्या युद्धातही वापरली गेली. म्हणजे गावांनी एकमेकांना आधार द्यायला काढलेली गोष्ट, बघता बघता सरकारचा दंडुका झाली. नाव मात्र तेच, भाऊपणाचं.

'डॉन क्विक्झोट' वाचलेल्यांना हे आठवेल. मालकाने बेड्यातले कैदी सोडवल्यावर सांचो पान्साची पाचावर धारण बसते ती या एर्मांदादच्या भीतीने. त्याला बाण कानाशी सणसणत असल्याचे भास होतात. बंधुभावाचं नाव ऐकून गरीब माणूस डोंगरात लपतो, हा विनोद सर्व्हान्टेसने 1605 मध्ये केला. डच भाषेत तर आजही पोलिसांना थट्टेने 'हेर्मान्दाद' म्हणतात. स्पेनची सत्ता त्यांच्यावर होती तेव्हाची ही आठवण.

याच पोलिसांवरून स्पॅनिशमध्ये एक म्हण आहे: 'चांगल्या वेळेला आलात हो, हिरव्या बाह्यावाल्यांनो!' सांता एर्मांदादच्या शिपायांच्या गणवेशाच्या बाह्या हिरव्या होत्या आणि ते कायम चोर पळाल्यावर पोचायचे, असं या म्हणीबद्दल सांगतात. आपल्याकडे याला म्हणतात बैल गेला आणि झोपा केला.

दुसरी गोष्ट याच्या अगदी उलट, म्हणजे बंडाची. व्हॅलेन्सियाच्या बोलीत बंधुसंघाला 'जेर्मानिया' म्हणत. 1519 मध्ये तिथे प्लेगची साथ आली, सरदार-उमराव शहर सोडून पळाले. समुद्रावरून चाच्यांची भीती होतीच. मग विणकर, सुतार अशा कारागिरांच्या संघटनांनी हत्यारं घेतली, तेरा जणांची समिती नेमली आणि सरदारांची सत्ता झुगारली. वाचताना मन भरून येतं. कष्टकऱ्यांनी एकमेकांना भाऊ म्हटलं आणि उठाव केला, याहून चांगलं काय?

पण पुढे वाचावं लागतं. सरदारांच्या जमिनींवर राबणारे मुस्लिम शेतकरी होते. तेही पिळलेलेच होते. बंडखोर भावांना ते भाऊ वाटले नाहीत. सरदारांची माणसं म्हणून त्यांच्यावर हल्ले झाले, शेकडोंचा बळजबरीने बाप्तिस्मा केला, काहींना बाप्तिस्मा देऊनही मारलं. 1523 पर्यंत बंड चिरडलं गेलं. सरदार परत आले. पण ते जबरदस्तीचे बाप्तिस्मे मात्र राजाने वैध ठरवले. म्हणजे बंडातलं चांगलं होतं ते बुडालं आणि वाईट होतं तेवढं सरकारने जपून ठेवलं. आणि 'जेर्मानिया' हा शब्द? तो स्पॅनिशमध्ये चोर-भामट्यांच्या गुप्त भाषेचं नाव होऊन बसला.

तिसरी गोष्ट आजही चालू आहे. सेव्हिल शहरात ईस्टरच्या आधीच्या आठवड्यात साठहून अधिक एर्मांदादच्या मिरवणुका निघतात. उंच टोकदार टोप्या, तोंड झाकलेलं, हातात मेणबत्त्या. फोटो पाहून अमेरिकेतल्या त्या कुप्रसिद्ध संघटनेची आठवण होते, पण त्या दोहोंचा संबंध नाही. इथली टोपी पापाचं प्रायश्चित्त घेणाऱ्याची आहे आणि ती कित्येक शतकं जुनी आहे. मूर्तीचा अवजड चौथरा तरुण लोक आत शिरून मानेवर पेलतात, बाहेरच्याला त्यांचे पायच काय ते दिसतात. संस्थेला नियमावली असते, वर्गणी असते, निवडणूक असते आणि प्रमुखाला म्हणतात 'एर्मानो मायोर', म्हणजे थोरला भाऊ. आपल्या गणेश मंडळाच्या कार्यकर्त्याला हे सगळं समजावून सांगायची गरज पडणार नाही.

या संस्थांनी वाईटच केलं असं मी म्हणत नाही. आजाऱ्याला बघणं, गरिबाला खांदा देणं, विधवेला मदत हे शेकडो वर्षं यांनीच केलं. सरकार नावाची गोष्ट जिथे नव्हती तिथे भाऊच होते. पण भाऊ कोण, हे रजिस्टर ठरवायचं. पंधराव्या शतकापासून स्पेनमध्ये 'रक्तशुद्धी'चं खूळ निघालं. 1449 मध्ये तोलेदो शहरात ज्यूंचे वंशज असलेल्या ख्रिश्चनांना पदांवरून काढणारा नियम झाला आणि मग ही लाट पसरत गेली. बाप्तिस्मा झालेला असूनही आजोबा कोण होते हे विचारायचं. कित्येक बंधुसंघांच्या नियमांत ही अट घुसली. ज्यूंचे वंशज नकोत, मूरांचे नकोत, काळे नकोत. वाचताना तुम्हाला काही ओळखीचं वाटलं तर तो योगायोग नाही.

मग ज्यांना कुणी घेत नव्हतं त्यांनी काय केलं? त्यांनीही एर्मांदादच काढली. सेव्हिलमधली काळ्या लोकांची एर्मांदाद चौदाव्या शतकाच्या शेवटी आर्चबिशपच्या आश्रयाने सुरू झाली. गुलाम आणि मुक्त झालेले आफ्रिकी लोक तिचे सभासद. आजही ती आहे, 'लोस नेग्रितोस' या नावाने. तिच्याबद्दल एक हकिगत सांगितली जाते. सतराव्या शतकात उत्सवाला पैसे कमी पडले तेव्हा दोन मुक्त सभासदांनी स्वतःला विकायला काढलं आणि खर्च भागवला. भक्ती म्हणून ती सांगतात. मला मात्र वाचून गलबललं. ज्यांच्याकडे विकायला स्वतःशिवाय काहीच नव्हतं, त्यांनी आपल्या भाऊपणाची ती किंमत मोजली. आणि गेल्या दीड-दोनशे वर्षांत तिथे गोरेच सभासद येत गेले. नाव राहिलं, माणसं बदलली.

पेरूतल्या लिमा शहरात हाच शब्द याच वाटेने गेला. 1651 मध्ये अंगोलाहून आणलेल्या एका गुलामाने मातीच्या भिंतीवर येशूचं चित्र काढलं असं मानतात. भूकंपात बाकीचं पडलं, ती भिंत टिकली. आज ऑक्टोबरमध्ये लाखो लोक जांभळ्या कपड्यांत त्या चित्राच्या मिरवणुकीत असतात. सुरुवात गुलामांच्या बंधुसंघातून झाली.

आता बायकांचं बघा. एर्मांदाद शब्दात बहीण कुठे आहे? व्याकरण म्हणतं आहे, 'एर्मानोस' या अनेकवचनात बहिणीही धरायच्या. व्यवहार म्हणत होता नाही. सेव्हिलमध्ये मिरवणुकीत टोपी घालून चालायचा हक्क बायकांना एकेका संस्थेने कुरकुरत दिला, आणि शेवटच्या काही हट्टी संस्थांना तर 2011 मध्ये आर्चबिशपने हुकूम काढून भाग पाडलं. तेनेरिफे बेटावरच्या ला लागुना शहरात अशाच एका फक्त पुरुषांच्या जुन्या संघाविरुद्ध एक बाई कोर्टात गेल्या. सर्वोच्च न्यायालयात हरल्या. 2024 मध्ये संविधान न्यायालयाने त्यांच्या बाजूने निकाल दिला. धार्मिक संस्था असली तरी गावातली प्रतिष्ठा तिच्यातून मिळत असेल तर बाईला निव्वळ बाई म्हणून बाहेर ठेवता येणार नाही, असा त्याचा मथितार्थ.

लेखक उनामुनोला ही अडचण शंभर वर्षांपूर्वीच जाणवली होती. 1921 च्या आपल्या एका कादंबरीच्या प्रस्तावनेत त्याने 'सोरोरिदाद' म्हणजे भगिनीभाव हा शब्द वापरला, कारण भावावरून शब्द आहे आणि बहिणीवरून नाही हे त्याला खटकलं. स्पॅनिश भाषेच्या अकादमीच्या कोशात तो शब्द यायला 2018 उजाडलं.

आणि फ्रँको. हुकूमशहा बंधुभावावर फार प्रेम करतात. त्याच्या राजवटीत कामगार संघटनांवर बंदी, संप गुन्हा. शेतीसाठी काय काढलं? 'एर्मांदाद', शेतकरी आणि पशुपालकांचे सरकारी बंधुसंघ. त्यात हजारो एकरांचा जमीनदारही भाऊ आणि त्याच्या शेतावर रोजंदारीने राबणारा भूमिहीनही भाऊ. भाऊ-भाऊ म्हटल्यावर भांडण कसलं, मजुरी वाढवून मागायची कशाला? मला विचाराल तर या शब्दाचा सगळ्यात हुशार वापर हाच. बाहेर ठेवण्यापेक्षा आत घेऊन गप्प बसवणं स्वस्त पडतं.

आपण यातून सुटलेलो नाही. पोर्तुगीजमध्ये याच शब्दाला 'इर्मान्दाद' म्हणतात आणि तो गोव्यात आला तो थेट चर्चबरोबर. तिथल्या बंधुसंघांना कोंफ्रारी म्हणतात. एकाच देवळात, एकाच वेदीसमोर बसणाऱ्या लोकांच्या कोंफ्रारी कित्येक गावांत जातीनुसार वेगळ्या झाल्या. धर्म बदलला, रजिस्टर बदललं नाही.

मराठीत तर आणखी मजा आहे. भाऊ आणि बंद हे दोन नात्याचे शब्द जोडून आपण जो शब्द केला, त्याचा अर्थ भांडण! भाऊबंदकी. आपल्या भाषेने शहाणपणा दाखवलाय, सख्ख्यांचं काय होतं हे तिने पाहिलेलं आहे. आणि चौकाचौकात फ्लेक्सवर 'भाऊ' असतात ते नात्याने कुणाचेच भाऊ नसतात. ते 'एर्मानो मायोर' असतात.

म्हणूनच बाबासाहेबांनी संविधानाच्या उद्देशिकेत बंधुता हा शब्द आणला, तेव्हा त्याला एकटा सोडला नाही. व्यक्तीची प्रतिष्ठा आणि राष्ट्राची एकता, यांना जोडून तो येतो, आणि त्यातही प्रतिष्ठा आधी. 25 नोव्हेंबर 1949 च्या भाषणात त्यांनी बजावलं होतं की बंधुतेशिवाय समता आणि स्वातंत्र्य हे वरवरच्या रंगासारखे राहतील. जाती हे त्या बंधुतेच्या आडवे येणारं सगळ्यात मोठं कारण, हेही त्याच भाषणात. त्यांची बंधुता सख्ख्यांची नाही. ज्याच्याशी रक्ताचं, गावाचं, जातीचं काहीच नातं नाही त्याच्याशी असलेली आहे. सख्ख्याशी भाऊपणाने वागायला संविधान लागत नाही.

आता ते कारण. यंदा पंधरा ऑगस्टला आमच्या सोसायटीत झेंडावंदन झालं. भाषणात सांगितलं गेलं, आपण सगळे एका कुटुंबातले, भावा-भावांसारखे राहतो. टाळ्या झाल्या, मीही वाजवल्या. त्याच्या पंधरा दिवस आधी एका सभासदाने फ्लॅटसाठी भाडेकरू आणले होते. नवरा-बायको, दोघं नोकरी करणारे. आडनाव ऐकल्यावर समितीतल्या दोघांनी त्या सभासदाला बाजूला घेऊन सांगितलं, 'आपल्यात बसणार नाहीत हो, उगाच कटकट.' लेखी काही नाही. तो सभासद घाबरला, भाडेकरू गेले. मी तिथेच लिफ्टपाशी उभा होतो. ऐकलं आणि चौथ्या मजल्याचं बटण दाबलं.

काही मित्र म्हणतील, प्रत्येक गटाला कुंपण असतंच, त्यात काय एवढं? असतं, मान्य. पण सेव्हिल असो की ला लागुना, कुंपणाचं दार आतल्यांनी आपणहून क्वचितच उघडलंय. बाहेरच्या कुणीतरी ते ठोठावलं, आणि वरून कायद्याचा नाहीतर हुकुमाचा हात आला, तेव्हा ते उघडलं. आत उभं राहून टाळ्या वाजवणारे माझ्यासारखे भरपूर होते.

तर येत्या सर्वसाधारण सभेसाठी मी एक ठराव लिहून दिलाय. भाडेकरूला नकार द्यायचा असेल तर समितीने कारण लेखी द्यावं, खाली सह्या कराव्यात. बस, एवढंच. अनुमोदक अजून मिळालेला नाही. ज्यांना विचारलं ते सगळे म्हणाले, 'भाऊ, तुमचं बरोबर आहे, पण कशाला?'