लहरी जनतेच्या, बोली बाजाराची

बंगळूर शहरात ३ जुलै २००१ रोजी ‘रेडिओ सिटी’ हे देशातील पहिले खासगी एफ.एम. केंद्र सुरू झाले, तेव्हा नभोवाणीवरील सरकारी मक्तेदारी संपली म्हणून पुष्कळांनी समाधान मानले. मक्तेदारीला तडा गेला हे खरे. परंतु त्यामुळे नभोवाणी जनतेच्या हाती आली काय? या एका केंद्राच्या वाटचालीतच त्याचे उत्तर आहे.

सरकारी मक्तेदारीबद्दल हळहळण्याचे कारण नाही. आणीबाणीत आकाशवाणी सत्ताधाऱ्यांची बटीक कशी झाली, हे समाजवादी कार्यकर्त्याला सांगावयास नको. बी. जी. वर्गीज समितीने १९७८ मध्ये नभोवाणी व दूरदर्शन स्वायत्त विश्वस्त मंडळाकडे सोपविण्याची शिफारस केली. प्रसार भारती प्रत्यक्षात यावयास मात्र १९९७ साल उजाडले. त्यापूर्वी १९९५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने रेडिओलहरी ही सार्वजनिक मालमत्ता असून तिचे नियमन सार्वजनिक हितासाठीच झाले पाहिजे, असा निर्णय दिला. न्यायमूर्ती प. बा. सावंत त्या खंडपीठावर होते. प्रसारणावर सरकारची मक्तेदारी नको, तशी धनिकांचीही नको, हा त्या निकालाचा आशय होता.

सरकारने त्यातून सोयीचा तेवढा अर्थ घेतला. सार्वजनिक मालमत्ता म्हणजे लिलावात काढण्याची मालमत्ता! पहिल्या टप्प्यात ४० शहरांतील १०८ वाहिन्या बोलीला काढल्या गेल्या. परवाना दहा वर्षांचा आणि शुल्कात दरवर्षी १५ टक्के वाढ, अशी अट होती. म्हणजे शुल्क पाच वर्षांत दुप्पट आणि अखेरच्या वर्षी साडेतीनपट. परिणामी दुसऱ्या टप्प्यापर्यंत १२ शहरांतील अवघी २१ केंद्रेच टिकली. अखेर २००५ मध्ये सरकारने ही पद्धत सोडून उत्पन्नातील ४ टक्के वाटा घेण्याचे ठरविले. व्यापाऱ्याचे गाऱ्हाणे असे ऐकले गेले. श्रोत्याला मात्र कोणी विचारले नाही.

शुल्क जाहिरातींतून वसूल करावयाचे, आणि जाहिरातदाराला हवा असतो खरेदीची ऐपत असलेला श्रोता. म्हणून लोकप्रिय चित्रपटगीते, चटपटीत निवेदन आणि रहदारीची खबर हाच या धंद्याचा मुख्य माल ठरला. गाण्यांना नाके मुरडण्याचे कारण नाही. १९५२ च्या सुमारास मंत्री बा. वि. केसकर यांनी चित्रपटसंगीताला आकाशवाणीचे दार बंद केले, तेव्हा श्रोते रेडिओ सिलोनकडे वळले आणि १९५७ मध्ये सरकारला ‘विविध भारती’ सुरू करावी लागली. कष्टकऱ्याला गाणे हवेच असते. तक्रार आहे ती गाण्याखेरीज दुसरे काही बोलू न देण्याबद्दल.

खासगी केंद्रांना स्वतःच्या बातम्या देण्याची मनाई पहिल्यापासून आहे. २०११ च्या धोरणाने आकाशवाणीची बातमीपत्रे जशीच्या तशी ऐकविण्याची मुभा दिली. हवामान, परीक्षांचे निकाल, रहदारी यांची माहितीही चालेल असे ठरविले. या नियमाचा अर्थ बंगळूरच्याच उदाहरणाने स्पष्ट होतो. एप्रिल २०१६ मध्ये तेथील तयार कपड्यांच्या कारखान्यांतील हजारो कामगार स्त्रिया भविष्यनिर्वाह निधीच्या नव्या नियमाविरुद्ध रस्त्यावर उतरल्या. वाहतूक ठप्प झाली आणि केंद्र सरकारला तो नियम मागे घ्यावा लागला. अशा वेळी कोणता रस्ता बंद आहे हे सांगण्यास निवेदक मोकळा. त्या स्त्रिया रस्त्यावर का बसल्या आहेत, याचा शोध घेऊन ते सांगणे म्हणजे बातमी, आणि ती निषिद्ध! मोर्चा ही केवळ रहदारीची अडचण आहे, असे मानणारे हे धोरण आहे.

दुसरीकडे मालकीवर तेवढी करडी नजर नाही. एका शहरातील हे केंद्र पुढे अनेक शहरांतील साखळी बनले आणि २०१५ मध्ये ‘दैनिक जागरण’ चालविणाऱ्या समूहाने ती साखळी विकत घेतली. तिसऱ्या टप्प्याच्या धोरणाने एकच कार्यक्रम साखळीतील सर्व केंद्रांवरून ऐकविण्यासही परवानगी दिली. गावाच्या नावाने मिळालेल्या लहरीवर गावाचाच आवाज ऐकू येईल, याची खात्री उरली नाही.

हा प्रश्न आता लहान शहरांच्या दाराशी येऊन ठेपला आहे. ऑगस्ट २०२४ मध्ये केंद्रीय मंत्रिमंडळाने २३४ नव्या शहरांत ७३० वाहिन्यांच्या लिलावास मंजुरी दिली. खासगी एफ.एम. केंद्रांना तासाला दहा मिनिटे बातम्या देऊ द्याव्यात, अशी शिफारस दूरसंचार नियामक प्राधिकरणाने २०२३ मध्ये केली आहे. तिचे स्वागत करावे. परंतु वृत्तपत्राचा मालकच नभोवाणीचाही धनी होणार असेल, तर तोच आवाज दोनदा ऐकू येईल. म्हणून बातमीवरील बंदी उठविण्याच्या मागणीला मालकीवरील मर्यादेची मागणी जोडली पाहिजे. स्वयंसेवी संस्थांना २००६ पासून सामुदायिक केंद्रे चालविता येतात. साताऱ्यातील म्हसवडला माणदेशी स्त्रियांचे केंद्र २००८ मध्ये उभे राहिले. पण बातमीची बंदी अशा केंद्रांवरही आहेच. ती प्रथम तेथून उठली पाहिजे, आणि लिलावापूर्वी प्रत्येक शहरात अशा केंद्रासाठी एक लहर राखून ठेवली पाहिजे. आपल्या शहराचे नाव त्या यादीत आहे काय, हे कार्यकर्त्यांनी आजच पाहावे. बोली संपल्यावर ही मागणी करण्यात अर्थ उरणार नाही.