गोहरबाईंना आरोपीच्या पिंजऱ्यातून बाहेर काढा

पन्हाळ्यावर येणाऱ्या प्रत्येक पर्यटकाला सिद्दी जौहर ठाऊक असतो. १६६० चा वेढा त्याने घातला. पण तोच वेढा फोडण्यासाठी नेताजी पालकरांच्या बरोबरीने शिवाजी महाराजांच्या बाजूने लढलेला सिद्दी हिलाल किती जणांना आठवतो? त्या लढाईत जखमी होऊन शत्रूच्या हाती सापडलेला त्याचा मुलगा वाहवाह कुणाला माहीत आहे? वैरी मुसलमान असला की नाव टिकते. सोबती मुसलमान असला की ते पुसले जाते. मराठी रंगभूमीने गोहरबाई कर्नाटकींच्या बाबतीत याच्याही पुढचे पाऊल टाकले. सोबतीणीलाच वैरीण ठरवले.

आरोप सर्वांना पाठ आहे : गोहरबाई आल्या आणि बालगंधर्व बुडाले. आता तारखा पाहू. गंधर्व नाटक मंडळी १९१३ मध्ये निघाली. १९२१ मध्ये ती कर्जात रुतली होती आणि बालगंधर्वांनी तो बोजा एकट्याच्या शिरावर घेतला. तेव्हा गोहरबाई विजापूरकडच्या बिळगीतली लहान पोर होत्या. अस्सल भरजरी शालू आणि अत्तरांची हौस कंपनीला त्यांनी लावलेली नव्हती. १९३१ मध्ये ‘आलम आरा’ आला आणि प्रेक्षक बोलपटाकडे वळला. १९३३ मध्ये ‘आंधळ्यांची शाळा’त स्त्रियांच्या भूमिका स्त्रियांनी केल्या. १९३५ मध्ये बालगंधर्व स्वतः ‘प्रभात’च्या ‘धर्मात्मा’त एकनाथ झाले, तो मार्गही त्यांना लाभला नाही. गोहरबाई मंडळीत आल्या त्या यानंतर, १९३८ च्या सुमारास. जहाज आधीच फुटले होते. दोष मात्र शेवटी चढलेल्या बाईला!

या बाई होत्या तरी कोण? पुष्कळांना कलकत्त्याच्या गौहरजान आणि ‘रणजित’च्या गोहर यांच्यापासून त्यांना वेगळे काढता येत नाही. नाटकाशी नाते असलेल्या घरातली ही मुलगी. ‘किस्मत’ने घराघरांत पोचलेल्या अमीरबाई कर्नाटकी यांची ती बहीण. मुंबईत बोलपट आणि ध्वनिमुद्रिका यांवर तिने स्वतःचे पोट भरले. बालगंधर्वांची गायकी तिने ऐकून ऐकून गळ्यावर चढवली होती. वय झालेल्या नटाच्या समोर नायिका म्हणून उभे राहण्याचे अवघड काम तिने पत्करले. तिचे गाणे कुणाला आवडले नसेल, तर तसे सांगावे. ती टीका झाली. पण ‘तिने भुलवले’, ‘तिने बाटवले’ ही टीका नव्हे, ही कुजबुज आहे. आणि पन्नाशीला आलेला, देशभर गाजलेला नट काय कुक्कुलं बाळ होता?

आमच्या कोल्हापुरात अल्लादियाखाँसाहेबांचा पुतळा आहे. असायलाच हवा. बालगंधर्वांचे गुरू भास्करबुवा बखले मुसलमान उस्तादांकडे शिकले, हे आपण अभिमानाने सांगतो. म्हणजे खाँसाहेबांची विद्या चालते. बाई घरात आली की धर्म बुडतो. हा दुटप्पीपणा नव्हे तर काय?

१९५१ मध्ये दोघांचा विवाह झाला. पुढे बालगंधर्वांचे पाय गेले. टाळ्या वाजवणारे आपापल्या घरी गेले आणि अंथरुणाशी गोहरबाई उरल्या. १९६४ मध्ये त्या गेल्या. बालगंधर्व १९६७ मध्ये. १९६८ मध्ये पुण्यात त्यांच्या नावाचे रंगमंदिर उभे राहिले. २०११ च्या ‘बालगंधर्व’ चित्रपटात गोहरबाई दिसल्या, पण नायकाच्या आयुष्यातले एक प्रकरण म्हणून.

आपणही हात झटकू नयेत. नाचगाण्यातली बाई म्हणून मुस्लिम समाजानेही तिला आपले म्हटले नाही. शायर, उस्ताद आपले. नाटकवाली मात्र कुणाचीच नाही. अमीरबाईंचे चरित्र रहमत तरीकेरे यांनी कन्नडमध्ये लिहिले. गोहरबाईंची हयात तर मराठी पदे गाण्यात गेली. मग मराठी मुसलमान लेखकाने त्यांची बाजू मांडायची नाही, तर कुणी मांडायची?

दया नको, देव्हारा तर नकोच. एवढेच करा : बालगंधर्वांचा ऱ्हास शिकवताना कर्ज, बोलपट आणि बदललेली अभिरुची ही कारणे आधी सांगा. गोहरबाईंचा उल्लेख गायिका आणि नटी म्हणून करा. साक्षीपुरावे न पाहता लिहिलेला निकाल रद्द व्हायलाच हवा.