टॉप्फरचें हसूं कोणाच्या पक्षाचें?

विनोद हा नेहमीं दुबळ्यांच्या बाजूनें लढतो व व्यंगचित्रकाराची लेखणी सिंहासनांवरच चालते, असा एक समज आमच्या सुशिक्षित वर्गांत इतका दृढ झाला आहे कीं, तो तपासून पाहण्याची गरजच कोणास भासत नाहीं. लुई फिलिप राजाचें चित्र काढल्यामुळें दोमिये १८३२ सालीं तुरुंगांत गेला, हें उदाहरण या मंडळींच्या जिभेवर तयारच असतें. परंतु त्याच काळांत, फ्रान्सच्या सीमेलगत राहून फ्रेंच भाषेंतच लिहिणाऱ्या रोडॉल्फ टॉप्फरनें क्रांति करणारांचीच टर उडविली, त्याची वाट काय लावावयाची?

वाट दोन प्रकारें लावली जाते. चित्रकथेचे भोक्ते त्याला या कलेचा जनक म्हणून पाटावर बसवितात व त्याच्या आयुष्याचीं शेवटचीं पांच वर्षें हळूच गाळतात. दुसरा वर्ग त्याला प्रतिगामी ठरवून मोकळा होतो आणि त्याचें पुस्तकच उघडीत नाहीं. पहिल्यांचा भित्रेपणा आणि दुसऱ्यांचा आळस यांत आम्हांस फारसा फरक दिसत नाहीं.

टॉप्फर ३१ जानेवारी १७९९ रोजीं जिनीव्हांत जन्मला. आदल्याच वर्षीं फ्रेंच प्रजासत्ताकानें तें शहर गिळलें होतें. समतेच्या घोषणा करीत आलेल्या सत्तेनें एका जुन्या स्वतंत्र नगरराज्याला आपल्या एका जिल्ह्याचें ठाणें करून टाकावें, हा प्रकार तेथील जुन्या घराण्यांच्या हाडांत मुरला असल्यास नवल नाहीं. १८१३ अखेर शहर सुटलें व १८१५ सालीं स्विस संघांत सामील झालें. बाप चित्रकार होता, व्यंगचित्रेंही काढी. मुलालाही तेंच व्हावयाचें होतें. परंतु डोळे अधू झाल्यामुळें त्यानें मुलांची निवासी शाळा काढली व १८३२ पासून जिनीव्हाच्या अकादमींत साहित्यशास्त्र शिकविलें. म्हणजे आमच्याच धंद्यांतला माणूस! वर चित्र आणि खालीं चार ओळी, अशा कथा तो वह्यांमधून करमणूक म्हणून रचीत असे. सोरे नांवाच्या स्नेह्यानें त्यांतल्या कांहीं वह्या वायमारला वृद्ध गटेच्या हातीं दिल्या; त्याची दाद मिळाली आणि मग या वह्या एकेक करून छापून निघाल्या.

या वह्यांत तो कोणाला हसतो? ‘मस्यू जाबो’ मध्यें बड्या समाजांत घुसूं पाहणाऱ्या दिखाऊ गृहस्थाला. फजिती झाली कीं हा गृहस्थ पुन्हां आपली ऐट सांवरून उभा! ‘मस्यू क्रेपँ’ मध्यें ११ मुलांचा बाप एकामागून एक शिक्षक नेमतो आणि प्रत्येकाची शिक्षणपद्धति म्हणजे घरावर कोसळलेलें एक स्वतंत्र संकट असतें. शाळा चालवून पोट भरणारानें असें लिहावें, यास छाती लागते. ‘डॉक्टर फेस्टस’ मध्यें तर हत्यारबंद शिपाई नगराध्यक्षाच्या मागें नव्हे, त्याच्या पोशाखाच्या मागें चालतात. अंगरखा जिकडे, फौज तिकडे. हें लिहिणारा मनुष्य सत्तेचा भाट होता, असें कोणीं म्हणावें?

मग २२ नोव्हेंबर १८४१ उजाडला. जिनीव्हांत तोंवर कर भरणारासच मत असे. त्या दिवशीं जमावानें सरकारला नवी घटना करण्यास भाग पाडलें व १८४२ त सर्व पुरुष नागरिकांस मताधिकार मिळाला. टॉप्फर खवळला. ‘कूऱ्ये द जनेव्ह’ या पत्रांतून त्यानें जुन्या व्यवस्थेची कड घेतली आणि १८४५ सालीं टोपणनांवानें ‘आल्बेरची कथा’ काढली. वकिली जमली नाहीं, कविता जमली नाहीं, दारूची विक्री जमली नाहीं, म्हणून अखेर जहाल वृत्तपत्रकार होऊन देश पेटविणाऱ्या एका आळशी पोराची ती कथा. रोख होता जहालांचा पुढारी जेम्स फाझी याच्यावर. आणि हा फाझी तर १८२६ सालीं ‘जुर्नाल द जनेव्ह’ हें पत्र सुरू करणारांपैकीं एक होता!

पुस्तक हसवितें, यांत शंका नाहीं. आमची तक्रार निराळी आहे. कर न भरणारास मत कां नसावें, या प्रश्नाचें उत्तर त्यांत कोठेंच नाहीं. आहे तें केवळ मत मागणाऱ्याचें थोबाड. मागणारा उडाणटप्पू असला म्हणून मागणी खोटी ठरत नाहीं, हें तर्कशास्त्राच्या पहिल्या वर्गांतल्या मुलालाही कळतें. टॉप्फरला तर तें निश्चित कळत होतें. त्याच १८४५ सालीं मुखचर्येवर लिहिलेल्या निबंधांत तो कवटीच्या उंचवट्यांवरून स्वभाव सांगणारांचें शास्त्र धुडकावून लावतो. चेहऱ्याच्या कायमच्या ठेवणीवरून माणसाच्या बुद्धीचा वा नीतीचा खात्रीचा निवाडा करतां येत नाहीं, राग, हसूं, रडूं हीं क्षणिक चिन्हेंच काय तीं भरंवशाचीं, असें तो बजावतो. मग आल्बेर मात्र आरंभापासून अखेरपर्यंत एकाच सांच्याचा कां? फ्रेंच सत्तेच्या आठवणीनें तो धास्तावला होता, असा बचाव कोणी करील. परंतु १८४१ सालीं वेशीवर परकी फौज उभी नव्हती. रस्त्यावर होते ते त्याच्याच गांवचे लोक.

८ जून १८४६ रोजीं टॉप्फर वारला. त्याच वर्षीं ऑक्टोबरांत सरकार कोसळलें आणि सत्ता फाझीच्या हातीं आली, तें पाहण्याची वेळ त्याजवर आली नाहीं.

जहालांत हसण्यासारखें कांहीं नव्हतें, असें मात्र कोणी समजूं नये. सर्वांना मत दिल्याचा डंका पिटणाऱ्या त्या घटनेंत शहरांतल्या निम्म्या माणसांचा पत्ताच नव्हता. जिनीव्हांतल्या स्त्रियांना तेथील मतदानाचा हक्क मिळावयास १९६० साल उजाडावें लागलें. ही गोम कोणाच्या नाकाडोळ्यांत नव्हती, घटनेच्या कलमांत होती. आणि जाबोची ऐट अचूक टिपणाऱ्या टॉप्फरनें तिच्यावर एकही पान खर्चिलेलें आम्हांस ठाऊक नाहीं.